दादानं जोडलेला पुरावा

माझं पुस्तक छापून आलं तेव्हा त्याच्या सगळ्यात जास्त प्रती दादानं घेतल्या. दादा म्हणजे माझा थोरला सख्खा भाऊ, आणि त्याला वाचता येत नाही. सही शिकवायचा मी दोनदा प्रयत्न केला. दोन्ही वेळा त्यानं पाटीवर नांगराच्या फाळासारखं काहीतरी काढलं आणि 'अंगठा बरा' म्हणून उठून गेला. पण प्रती सात घेतल्या. एक घरात देवाशेजारी, एक सासुरवाडीला, एक किन्हवलीच्या बाजारातल्या चहावाल्याला, एक ज्या जीपमधून तो मुरबाडला जातो त्या जीपवाल्याला. दोन प्रती पिशवीत घालून पत्र्याखाली टांगून ठेवल्या, उंदीर लागू नयेत म्हणून. सातवी त्यानं कुठे दिली ते मला वेळेवर कळलं असतं तर हे लिहायची वेळ आली नसती.

मी मजूर माणूस. आमचा पाडा शहापूर तालुक्यात मोडतो, पण ओढा ओलांडून थोडं चाललं की मुरबाड लागतं. म्हणजे मोठा बाजार एका तालुक्यात आणि कागदपत्रं दुसऱ्यात. आम्ही दोघं भाऊ. एकाला आश्रमशाळेत घालायचं ठरलं तेव्हा गुरांमागे कोणीतरी पाहिजे म्हणून दादा घरी राहिला आणि मी गेलो. सातवीपर्यंत शिकलो. पुढे जे हाताला लागलं ते केलं. दिवाळीनंतर गवत कापायला जायचं, भारे बांधून वखारीवर घालायचे, ते गवत तिथून मुंबईच्या तबेल्यांत जायचं. पावसात दुसऱ्यांच्या शेतावर आवणीला, म्हणजे भाताची रोपं लावायला. मधली चार वर्षं भिवंडीकडच्या एका वीटभट्टीवर गेली. त्यानंतर मुरबाडच्या वाटेवर एका फार्महाऊसवर माळीकाम मिळालं आणि तिथे टिकलो.

फार्महाऊसच्या मालकीणबाई निवृत्त शिक्षिका. शनिवारी यायच्या आणि दर शनिवारी त्याच झाडांची नावं नव्यानं विचारायच्या. हे कोणतं? भारंगी. आणि हे? हीपण भारंगीच, बाई. शेवटी कंटाळून मी नावं वहीत लिहून ठेवली. मग नावाखाली ते झाड आम्ही कशाला वापरतो, कोणत्या झाडावरून कोण पडलं, कोणाचं लग्न कुठल्या झाडाखाली ठरलं तेही लिहीत गेलो. बाईंनी वही वाचली आणि म्हणाल्या, झाडांचं पुरे, आता तुमचं लिहा. दुपारी उन्हात काम थांबायचं तेव्हा पंपाच्या खोलीत बसून मी लिहायचो. सहा वह्या झाल्या. बाईंच्या ओळखीच्या एका लहानशा प्रकाशकानं त्यांचं पुस्तक केलं. एवढीच माझ्या लेखक होण्याची कथा, आणि तिच्यात माझं कर्तृत्व कमी, बाईंचा विसरभोळेपणा जास्त.

आता माळाचं सांगतो. पाड्याच्या वर, डोंगराच्या उतारावर आमचा एक तुकडा आहे. वडिलांनी तो कसला, त्यांच्या आधी आजोबांनी. सरकारी कागदावर ते जंगल. ही जमीन भाताच्या खाचरासारखी दरसाल पिकत नाही. एक वर्ष नाचणी घ्यायची, दुसऱ्या वर्षी वरी, तिसऱ्या वर्षी खुरासणी, आणि मग तिला चार-पाच वर्षं निजू द्यायची. निजू द्यायची म्हणजे टाकून द्यायची नव्हे. त्या वर्षांतही होळीनंतर तिथल्या ऐनाच्या फांद्या छाटायच्या, भारे डोक्यावरून खाली आणायचे आणि जिथे भाताचं रोप पेरायचं त्या जागेवर पसरून जाळायचे. ह्याला राब म्हणतात, आणि राबाशिवाय आमच्याकडे रोप धरत नाही. उतारावरचे दगडी बांध पावसानं ढासळतात, तेही दरसाल चढवायचे. हे आमच्याकडे सगळ्यांनाच ठाऊक असतं, म्हणून मी ते पुस्तकात लिहिलंच नाही. ज्याला त्याला माहीत असलेली गोष्ट कोण लिहीत बसतं?

वडील गेले, त्याच्या दुसऱ्या वर्षी माळ निजवला आणि मी भट्टीवर गेलो. वहीत मी एवढंच लिहिलं होतं: 'चार वर्षं मी माळावर गेलो नाही.' साधं आणि खरं वाक्य. बाईंनी त्याच्या कडेला पेन्सिलीनं खूण केली आणि म्हणाल्या, इथे जरा थांबा, वाचकाला दिसू द्या. थांबा म्हणजे काय ते मला कळलं नाही. मला वाटलं, वाक्य रोडावलंय, त्याला खाऊपिऊ घालायला सांगतायत. मग मी बसून ते सजवलं. छापलेल्या पुस्तकात ते असं आहे: 'वडील गेल्यावर चार वर्षं आमच्या घरातलं एकही पाऊल त्या माळावर पडलं नाही. माळ वाट बघून बघून थकला, आणि शेवटी त्यानं जंगलाशी सोयरीक केली.'

खोटं आहे ते. मी गेलो नव्हतो, पण दादा गेला होता. दरसाल गेला होता, वहिनीला बरोबर घेऊन. मी भट्टीवरून सुट्टीला आलो की ज्या भाताची भाकरी खायचो, त्या भाताचं रोप त्याच माळाच्या फांद्यांवर झालेलं असायचं, आणि हे मला पक्कं माहीत होतं. माझ्या एकट्याच्या पावलाला वाक्यात वजन येईना, म्हणून मी घरातली सगळी पावलं त्यात ओढली. लिहिताना जरासुद्धा टोचलं नाही. उलट डोळ्यांत पाणी आलं. स्वतःच्याच खोट्यावर रडू येणं हा लेखकांचा रोग असावा. मजुरी करत होतो तोवर मला तो नव्हता.

आणि लोकांनाही नेमकं तेच वाक्य आवडलं. प्रकाशकानं ते पुस्तकाच्या मागच्या कव्हरवर छापलं. कल्याणच्या एका सभागृहात मला शाल देऊन उभं केलं तेव्हा एका प्राध्यापकांनी ते वाक्य दोनदा म्हटलं आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी मान खाली घालून हसलो. नवरदेव हसतो तसा.

दादाला ह्यातलं काही ठाऊक नव्हतं. जीपवाल्यानं त्याला सांगितलं की तुमचा माळ कव्हरवर छापलाय. तो संध्याकाळी माझ्याकडे आला.

"आपला माल पुस्तकात हाय?" तो माळाला माल म्हणतो.

"हाय."

"काय लिवलंस?"

"चांगलंच लिवलंय."

त्याचं तेवढ्यानं भागलं. मला तेव्हाच सांगता आलं असतं. वाक्य वाचून दाखवलं असतं तर तो चार शिव्या हासडता आणि विषय संपता. पण शाल नवी होती, मी गप्प बसलो.

जंगलातली जमीन जो पूर्वीपासून कसत आलाय त्याच्या नावे ती करून द्यायचा कायदा आहे. दादानं तसा दावा घातला होता. पुरावा अपुरा म्हणून तो एकदा परत आला, मग पुन्हा तपासणीला लागला. भिजत घोंगडं किती वर्षं पडलं होतं ते विचारू नका. ह्या वेळी मात्र फाईल बरी होती. पाड्यातल्या दोन म्हाताऱ्यांचे जबाब होते, दगडी बांधांचा पंचनामा होता, आणि वडिलांनी जंगलात नांगर धरला म्हणून त्यांना झालेल्या दंडाची पावती होती. गंमत बघा, ज्या पावतीपायी वडील जन्मभर मान खाली घालून राहिले, तीच आमची सगळ्यात भक्कम साक्ष. कायद्याचं म्हणणं एवढंच की एका ठरलेल्या तारखेच्या आधीपासून जमीन ताब्यात पाहिजे आणि ताबा मध्ये सुटलेला नको. ती तारीख नेमकी माझ्या भट्टीच्या चार वर्षांत येते.

दावे घेणाऱ्या ऑफिसातला कारकून भला माणूस. तो दादाला म्हणाला, होईल काका ह्या वेळी, आणखी काही लेखी असलं तर आणून द्या. आमच्या घरात लेखी म्हणजे दुसरं काय असणार? दादा घरी आला, उरलेलं सातवं पुस्तक काढलं, जीपवाल्याकडून ते पान विचारून घेतलं, त्यात मोराचं पीस खुणेला घातलं आणि दुसऱ्या दिवशी आंघोळ करून ते फाईलला जोडून आला. मला त्यानं विचारलं नाही. विचारायचं काय होतं, धाकट्या भावानं आपला माळ पुस्तकात घातलाय ह्याच्यावर आणखी कोणता पुरावा.

हे मला कळलं ते नोटिशीवरून. फार्महाऊसच्या गेटवर दादा नोटीस घेऊन आला, दाढी करून, धुतलेला सदरा घालून. "वाच," म्हणाला. "तुला पण बोलावलंय. साहेबांनी पुस्तक वाचलं वाटतं." नोटिशीत सुनावणीची तारीख होती आणि दावेदारासोबत 'सदर पुस्तकाच्या लेखकानेही' हजर राहावं, असं होतं. खाली पानाचा नंबर. पहिल्यांदा क्षणभर, लाज वाटते सांगायला, मला बरंच वाटलं. लेखक म्हणून सरकारनं बोलावलं होतं. मग पानाचा नंबर डोक्यात शिरला. मी तिथेच पाइपावर बसलो.

"दादा," मी म्हणालो, "त्यात मी लिवलंय का, चार वर्सं माळावर कोणी गेलं नाय."

"कोणी नाय?"

"कोणी नाय."

"मी जायचो ना रे."

"जायचास."

त्यानं नोटिशीची घडी घालून ती सदऱ्याच्या खिशात ठेवली. मग म्हणाला, "तू भट्टीवर होतास. तुला कसं ठावं असणार." त्यानं स्वतःच माझ्यासाठी पळवाट काढून दिली आणि मी त्या पळवाटेतून मुकाट्यानं बाहेर पडलो. मला ठाऊक होतं, हे मी त्याला त्या दिवशीही सांगितलं नाही.

वहिनीनं मात्र सोडलं नाही. ती चुलीपुढे बसून हसत हसतच म्हणाली, "भाऊजी, आमचं पाऊल पडलं नाय तर मग माझ्या डोक्यावरनं भारे कोन आनत होतं? भूत?" आणि मला ताटात भात वाढला. तो भात मी तसाच ठेवून उठलो. ती रागावली असती तर मी जेवलो असतो.

पुढचे पंधरा दिवस मी नुसता पळत होतो. बाईंना सांगितलं तर त्या म्हणाल्या, अहो, पण ते साहित्य आहे, त्याचा असा अर्थ कसा काढतात? मग त्यांनी स्वतः बसून सुंदर भाषेत खुलासा लिहून दिला. प्रकाशकाला फोन केला की ते वाक्य काढा. तो म्हणाला, पुढच्या आवृत्तीत बघू, पण अहो, पुस्तकात लक्षात राहणारं वाक्य आहे ते तेच. मी खुलासा घेऊन कारकुनाकडे गेलो. त्यानं तो नीट वाचला, परत घडी घातली आणि म्हणाला, "हातानं लिहिलेलं आज कोणीही आणून देईल. ते छापील आहे ना." जन्मभर आम्ही छापील कागदाला भीत आलो, आणि आमच्या घरातनं पहिला छापील कागद निघाला तोही आमच्यावरच उलटला. करायला गेलो गणपती, झाला मारुती.

सुनावणीच्या दिवशी आम्ही दोघं सकाळच्या एसटीनं गेलो. दादा वाटेत माळाबद्दल बोलला नाही. कोणाच्या बैलाला काय झालंय ते सांगत होता.

खोलीत तीन साहेब आणि कडेला कारकून. मधल्या साहेबांपुढे माझं पुस्तक होतं. त्यांनी आम्हाला बसायला सांगितलं, पाणी दिलं आणि म्हणाले, "मी हे एका बैठकीत वाचलं. फार चांगलं लिहिलंय तुम्ही." माझ्या तोंडून सवयीनं 'धन्यवाद' निघालं. मग त्यांनी मोराचं पीस होतं ते पान उघडलं आणि वाक्य मोठ्यानं वाचलं. आवाज चांगला होता त्यांचा. दादा पहिल्यांदाच ते पुरं ऐकत होता. 'जंगलाशी सोयरीक केली' इथवर आलं तेव्हा त्यानं माझ्याकडे एकदा बघितलं. रागानं नव्हे. गावात कोणी नवा माणूस दिसला की बघतात, तसं.

मी उभा राहिलो. "साहेब, हे मी रचलंय. मी गेलो नव्हतो, माझा भाऊ दरसाल जायचा."

"म्हणजे पुस्तकात खोटं आहे?"

"हे एक वाक्य."

"बाकीचं खरं कशावरून मानायचं? तुमच्या वडिलांच्या दंडाची हकिगतही ह्याच पुस्तकात आहे." ते दरडावत नव्हते, खरंच विचारत होते.  मग तेच म्हणाले, "असं करा, तुम्ही लेखी द्या की हे पुस्तक आठवणी नाहीत, रचलेलं आहे. मग आपण ते फाईलमधून बाजूला ठेवू आणि बाकीच्या कागदांवर निर्णय घेऊ."

एवढं सोपं होतं. मी 'देतो' म्हणालो. कारकुनानं कोरा कागद पुढे सरकवला, मी खिशातलं पेन काढलं. माझ्या सहा वह्या खोट्या ठरणार होत्या, आणि देवाशपथ सांगतो, त्या घटकेला मला त्यांचं काही वाटलं नाही. माळ मिळत होता.

दादा उठला. "काय लिवतोय त्यो?" त्यानं साहेबांना विचारलं.

साहेबांनी समजावून सांगितलं.

"म्हंजे ह्यो खोटारडा, असं त्यात लिवायचं?"

"तसं नाही काका. पुस्तक रचलेलं आहे, एवढंच."

"नाय," दादा म्हणाला. "माझा भाऊ खोटं लिवत नाय. त्याच्या शाळेपायी आमी गुरं राखली. लोकं त्याला शाल देतात, हात जोडतात, ते काय खोट्याला जोडतात?"

"दादा, बस," मी म्हणालो.

"तू गप रे." आमच्या घरात थोरला गप म्हणाला की धाकटा गप होतो. वडील होते तेव्हाही तसंच होतं. मी पन्नाशीला आलोय, तरी त्या शब्दानं मी पेन टेबलावर ठेवलं.

साहेबांनी चष्मा काढला. "मग काका, त्या चार वर्षांत तुम्ही माळावर गेला नव्हतात?"

दादा सरळ समोर बघत म्हणाला, "नाय गेलो."

"तुमची बायको? घरातलं कोणी?"

"कोणी नाय."

"विचार करून सांगा. असं लिहिलं तर दावा बसत नाही. तुम्हाला कळतंय ना?"

"कलतंय."

मी बोललो. अर्धंमुर्धं, अडखळत, राबाचं, फांद्यांचं, बांधांचं सगळं सांगायचा प्रयत्न केला. ज्या गोष्टी लिहायला हव्या होत्या त्या तेव्हा लिहिल्या नव्हत्या, आणि आता त्या घाईत तोंडातून नीट निघेनात. साहेबांनी ऐकून घेतलं. मग म्हणाले, "दावेदार ते आहेत. त्यांच्या जबाबापुढे मला तुमचं घेता येत नाही." त्यांचा चेहराही उतरला होता. मी कोणाला दोष देऊ?

कारकुनानं जबाब लिहून काढला. दावेदाराला वाचता येत नसेल तर जबाब त्याला वाचून दाखवावा लागतो. कारकून कागद उचलणार तोच दादा म्हणाला, "ह्यो वाचील. ह्याचं वाचलेलं मना समजतं."

कागद माझ्या हातात आला. मी वाचला. 'मी दावेदार समक्ष विचारल्यावरून लिहून देतो की, वडिलांच्या मृत्यूनंतर चार वर्षे मी अथवा माझ्या घरातील कोणीही सदर जागेवर गेलेले नाही. हा जबाब मी राजीखुशीने दिला आहे.'  दादा लक्ष देऊन ऐकत होता, मान हलवत होता.

"बरोबर लिवलंय ना?" त्यानं मला विचारलं.

मी हो म्हणालो. त्यानं अंगठा शाईला लावला, आणि ठसा पुसट उठू नये म्हणून मी कागद दोन्ही हातांनी धरून ठेवला.